झोळीतला हात

पौषातली थंडी पडली, तरी गंगाधरच्या छपरावरचे रखिया तसेच होते. रखिया म्हणजे कोहळा. रायपूरच्या या भागात मराठी घरांतही त्याला रखियाच म्हणतात. दरवर्षी या दिवसांत ममता ते एकेक करून उतरवी, किसून उडदाच्या डाळीत फेटी आणि अंगणातल्या खाटेवर जुनं धोतर पसरून त्यावर वड्या घाली. यंदा तिचा उजवा हात गळ्यातल्या झोळीत होता.

त्यांचं गाव तेलीबांध्याच्या पुढं, नव्या रायपूरकडं जाणाऱ्या रुंद रस्त्यापासून थोडं आत. घरामागं भाजीची बाडी, विहीर, एक गाय. भोसल्यांच्या फौजेबरोबर आलेला कोणी पूर्वज इथं राहून गेला, एवढंच गंगाधरला ठाऊक होतं. घरात मराठी, पाऱ्यात म्हणजे शेजारच्या वस्तीत छत्तीसगढी आणि बाजारात हिंदी, असं तिन्हीकडं त्यांचं चालत आलं होतं.

दिवाळी होऊन गेल्यावर ममता भाजी विकून परत येत होती. रस्त्याच्या कडेला ती शेअर ऑटोतून उतरली आणि मागून आलेल्या एका पिकअपनं तिला धक्का दिला. रिकामी टोपली लांब जाऊन पडली. ममता उजव्या खांद्यावर पडली. खांद्याच्या खाली हाड मोडलं. ऑपरेशन लागलं नाही. डॉक्टरांनी हात झोळीत बांधून दिला आणि हाड धरल्यावर झोळी काढून व्यायाम सुरू करायचा, असं बजावलं. हाड धरलं. झोळी निघाली नाही.

ती निघू दिली नव्हती लोकेशनं. लोकेश ममताच्या धाकट्या बहिणीचा नवरा, रायपुरातल्या एका सरकारी कार्यालयात गाडी चालवायचा. साहेब लोकांच्या गोष्टी मागच्या सीटवरून पुढं येत आणि लोकेशच्या तोंडून गावात पोचत. अपघाताचा दावा करायचा तर काय करायचं हे त्याला सगळं माहीत होतं. सरकारी मेडिकल बोर्डाचे डॉक्टर हात पाहतात आणि किती टक्के अधू ते लिहून देतात. त्या दिवशी हात जसा दिसेल तसा टक्का, आणि टक्का तसे पैसे. त्याच्या ओळखीतला एक माणूस बोर्डाच्या आधी पायानं नीट चालू लागला आणि हात हलवत परत आला. शिवाय इन्शुरन्सवाले माणसं सोडतात. ती साध्या कपड्यांत गावात फिरतात आणि मोबाईलवर फोटो काढून नेतात.

"भैया, हात बरा झाला का केस मेली समजा," तो गंगाधरला म्हणाला. "दीदीले सांगून ठेवा. बोर्ड होयेपर्यंत झोळी उतरली नाही पायजे."

गंगाधर लोभी माणूस नव्हता. पैशाचं नाव निघालं की तो दुसरीकडंच पाहायचा. पण लोकेश गेल्यावर तो बराच वेळ विहिरीच्या काठावर बसून राहिला. ममता या घरात आली तेव्हापासून बाडीतलं पाणी, बाजाराची टोपली, वड्या, अबोलीचं शिक्षण, सगळं त्या हातावर चाललं होतं. त्या हाताला कधी कोणी काही दिलं नव्हतं, त्यानंही नाही. आता सरकारच्या कायद्यानं काही मिळत असेल तर ते तिच्या नावावर राहावं, म्हातारपणी तिला कोणाकडं पाहायची वेळ येऊ नये, असं त्याला मनापासून वाटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी ममता झोळी सोडायला गेली, तेव्हा त्यानं गाठ पुन्हा घट्ट बांधून दिली.

"राहू दे अजून," तो म्हणाला. "तुह्याच भल्याचं आहे."

त्यानंतर घरातलं सगळं गंगाधर करू लागला. पाणी भरलं, भात टाकला, गाईची धार काढली, ममताच्या लुगड्याच्या निऱ्या धरल्या. चुलीपुढं बसून तो तिला घास भरवी. डाव्या हातानं जेवता येतं असं ती एकदाच म्हणाली, मग म्हणाली नाही. सकाळी ओट्यावर उन्हात तिला पुढ्यात बसवून तो तिची वेणी घाली. त्याला येत होतं ते दोर वळणं. तेच बोटांना ठाऊक. त्यामुळं वेणी अशी पक्की बसे की ममताच्या भुवया वर ओढल्या जात. शेजारची पुनिया दाई कुंपणावरून पाहायची आणि विचारायची की गाय कुठं बांधणार आहेस. ममता हसायची. पण वेणी सैल कर, असं तिनं एकदाही सांगितलं नाही.

लोकेशचं बोलणं पाऱ्यात पसरायला वेळ लागला नाही. मग अख्खा पारा ममताचा हात राखू लागला. ती बादलीकडं वाकली तर दोन बाया धावत यायच्या. अनोळखी माणूस गल्लीत शिरला की पोरं आधी येऊन सांगायची. मच्छरदाण्या विकणारा, मीटरचं रीडिंग घेणारा, लग्नाची पत्रिका वाटायला आलेला, सगळे इन्शुरन्सचे ठरले. मीटरवाल्यासमोर पुनिया दाईनं ममताच्या वतीनं इतकं कण्हून दाखवलं की त्यानं रीडिंग न घेताच पुढचं घर गाठलं.

मुलगी अबोली हे सगळं पाहत होती. ती तेलीबांध्याला मोबाईलच्या दुकानात कामाला होती, सकाळी जाऊन दिवेलागणीला परत यायची. आईबाप मराठीत बोलले तरी तिची उत्तरं हिंदीत असत. एका रविवारी आईला भरवताना बापाला पाहून तिला राहवलं नाही.

"पापा, ये मम्मी का हाथ है कि एफडी?"

गंगाधरनं ताटात पाहिलं. ममतानं घास गिळला आणि म्हणाली, "बापाशी असं बोलते का कोणी."

रखिया किती दिवस ठेवायचे, म्हणून शेवटी गंगाधरनंच वड्या घालायचं ठरवलं. ममता खाटेवर बसली आणि सांगत गेली. त्यानं रखिया फोडला, बिया काढल्या, किसला. रात्री भिजवलेली डाळ घासून सालं काढली आणि गावातल्या चक्कीवर ओली वाटून आणली. इथवर ठीक झालं. मग परातीत डाळ फेटायची वेळ आली. त्यानं दोन्ही हात घातले आणि विहिरीचा गाळ उपसावा तशी डाळ खाली-वर केली.

"मारू नका तिले," ममता म्हणाली. "वारा भरा तिच्यात. हात खांद्यातून फिरवा."

त्यानं खांद्यातून फिरवला. कपाळावर घाम आला. थोड्या वेळानं त्यानं लोट्यातल्या पाण्यात डाळीचा थेंब टाकला. डाळ फुलली असेल तर थेंब तरंगतो. तो सरळ तळाशी गेला. त्यानं आणखी फेटली, पुन्हा थेंब टाकला. तोही गेला. गंगाधरनं लोट्यात वाकून पाहिलं, जणू तो वर येईल. ममताला हसू आवरेना, आणि हसताना खांदा दुखला म्हणून ती कळवळली, आणि ते पाहून तोही हसू लागला.

मग ती खाटेवरून उतरली. आधी तिनं डावा हात परातीत घातला. तो हात कधी या कामाला लागलाच नव्हता. एक-दोनदा फिरवून तिनं तो बाहेर काढला, दातांनी झोळीची गाठ सैल केली आणि उजवा हात खाली सोडला. गंगाधर नको म्हणाला नाही. त्यालाही पाहायचं होतं. हात परातीपर्यंत गेला. बोटं डाळीत शिरली. तिनं खांदा फिरवायला पाहिलं आणि तो फिरला नाही. गंजलेल्या कडीसारखा तो जागच्या जागी राहिला. तिनं अंग पुढं झोकलं, कंबरेतून वळून पाहिलं, तरी दंड बगलेला चिकटलेलाच. तिच्या चेहऱ्यावरचं हसू गेलं. तिनं मान वर करून नवऱ्याकडं पाहिलं.

तेवढ्यात गल्लीतून पोरगं ओरडत आलं की मोटारसायकलवाला ममताबाईचं घर विचारून राहिला आहे.

गंगाधरनं खाटेवरची शाल ओढून तिच्या अंगावर टाकली. डाळीनं भरलेला हात शालीखाली गेला. पुनिया दाई कुंपण ओलांडून येऊन बसली आणि तिनं कण्हायला सुरुवात केली. मोटारसायकलवाला जाळीच्या फाटकाशी थांबला. बाईंची तब्येत फार खराब आहे, हात कायमचा गेला, असं गंगाधरनं त्याला हिंदीत सांगितलं आणि फाटक उघडलं नाही. तो माणूस बावरला. चौबे कॉलनीतल्या वकीलबाईंनी पाठवलं होतं, दरवर्षीप्रमाणं रखियाच्या वड्या हव्या होत्या, एवढं कसंबसं बोलून तो निघून गेला. वकीलबाई निवेदिता या ममताच्या जुन्या गिऱ्हाईक होत्या. गंगाधर फाटकाला धरून तसाच उभा राहिला. शालीखाली ममताच्या हातावरची डाळ वाळू लागली होती.

त्या दिवशीच्या वड्या चपट्या झाल्या. उन्हात वाळून त्या खड्यासारख्या टणक झाल्या आणि गाईनंही त्या पुढं ढकलल्या.

दोन दिवसांनी गंगाधर तिला दवाखान्यात घेऊन गेला. हे लोकेशला सांगितलं नाही. डॉक्टरांनी हात बाजूनं वर उचलायला सांगितला. हात थोडा वर आला आणि थांबला. त्यांनी स्वतः उचलून पाहिला, तेव्हा ममताचा अख्खा खांदा कानाकडं गेला पण दंड तिथंच राहिला. इतके दिवस झोळी कोणी ठेवायला सांगितली, असं डॉक्टरांनी विचारलं. ममता म्हणाली की दुखत होतं. डॉक्टरांनी गंगाधरकडं पाहिलं. अजून वेळ गेलेली नाही, ते म्हणाले, पण उन्हाळ्यापर्यंत असंच राहिलं तर हा खांदा असाच राहील. मग माझ्याकडं येऊ नका.

संध्याकाळी लोकेश आला. पुनिया दाईनं त्याला सांगितलंच होतं. डॉक्टर काय म्हणाले ते ऐकून तो खुश झाला. असंच राहील म्हणजे टक्का पक्का, हे कागदावर लिहून घेतलं का, असं त्यानं विचारलं. गंगाधर दोर वळत बसला होता. तो वळतच राहिला. लोकेशचा चहा निवून गेला. जाताना तो फाटकाशी थांबून म्हणाला, "तुमच्यासाठीच सांगून राहिलो ना भैया. मले काय त्यात हिस्सा पायजे का?" आणि ते खरं होतं. लोकेशला त्यातलं काही नको होतं.

दुसऱ्या दिवशी निवेदिताबाईंचा फोन आला. त्यांच्या माणसानं ममताबाई शेवटच्या अवस्थेत आहेत, असंच जाऊन सांगितलं होतं. फोन ममतानंच उचलला म्हणून त्या जराशा गोंधळल्या. अपघाताचं कळल्यावर त्यांनी दोघांनाही घरी बोलावलं. त्या मूळच्या साताऱ्याच्या, नवऱ्याच्या नोकरीमुळं रायपुरात आलेल्या. अशाच दाव्यांचं काम त्या करत.

चौबे कॉलनीतल्या त्या घरात गंगाधर सोफ्याच्या कडेला टेकून बसला. त्यानं सगळं सांगितलं. पाऱ्यानं कशी राखण केली, झोळी एक दिवस उतरू दिली नाही, हे सांगताना त्याच्या आवाजात थोडा अभिमानही होता. निवेदिताबाई लिहीत होत्या. मध्येच त्यांचं लिहिणं थांबलं.

"म्हणजे हाड जुळल्यावरही झोळी तुम्ही बांधून ठेवलीत?"

गंगाधरनं ममताच्या झोळीकडं पाहिलं.

त्यांनी आवाज चढवला नाही. त्या हळूहळू सांगत गेल्या. ममताबाईंवर जे बेतलं ते बेतलंच, हात बरा झाला म्हणून ते पुसलं जात नाही. पोलिसांत नोंद आहे, दवाखान्याचे कागद आहेत. औषधपाणी, दुखणं, कामाविना गेलेले महिने, घरातलं जे काम दुसऱ्याला करावं लागलं, या सगळ्याचा विचार होतो. पगाराची पावती नाही म्हणून बाईच्या कामाला किंमत नाही, असंही नाही. पिकअपचा विमा आहे, तर पैसे विमा कंपनी देईल. त्या ड्रायव्हर पोराचं घर विकावं लागणार नाही. गंगाधरनं तेही विचारलं होतं, कारण त्याच पोरानं ममताला उचलून दवाखान्यात नेलं होतं. पण डॉक्टरांनी सांगितलेला उपचार मुद्दाम केला नाही, असं समोर आलं तर ते विरुद्ध जाईल, आणि जायलाच पाहिजे.

"म्हणजे लोकेश खोटं बोलला," गंगाधर म्हणाला.

"सगळं खोटं नाही. मी तुम्हाला अर्धवट सांगणार नाही. कायमचं अधूपण राहिलं तर त्याचा वेगळा हिशेब होतो. खांदा मोकळा झाला तर तेवढा भाग कमी होणार."

पंखा बंद होता. स्वयंपाकघरातून कुकरची शिटी आली. गंगाधरनं गुडघ्यांवर ठेवलेल्या स्वतःच्या हातांकडं पाहिलं. लोकेश ठार चुकला असता तर त्याला सोपं गेलं असतं.

"मंग मी काय करू?" त्यानं विचारलं.

"मला कशाला विचारता? हात त्यांचा आहे."

तेव्हा तो ममताकडं वळला. ती भिंतीवरच्या कॅलेंडरकडं पाहत होती.

"मले कोणी इचारलंच नाही," ती म्हणाली. तिच्या बोलण्यात राग नव्हता. "लोकेशनं नाही, तुमी नाही. अख्ख्या पाऱ्याले माह्या हाताची चिंता. हात माह्या आंगाले लागला आहे, हे कोणाच्या ध्यानातच नाही."

"तुम्ही तरी का बोलला नाहीत?" निवेदिताबाईंनी विचारलं.

ममतानं पदर तोंडाशी नेला. "हे वेणी घालत होते ना," ती म्हणाली. "मले बरं वाटत होतं. लग्न झाल्यापासून असं कधी पुढ्यात घेऊन बसले नव्हते. म्हटलं, राहू दे अजून चार दिवस."

गंगाधरचे कान लाल झाले. निवेदिताबाई चहा पाहायला म्हणून उठून आत गेल्या आणि जरा उशिरानं परत आल्या.

"मले खांदा पायजे," ममता त्यांना म्हणाली. "कोर्टाले जेवढं द्याचं तेवढं देऊ दे."

परतताना शेअर ऑटोत गर्दी होती. गंगाधर तिच्या उजव्या बाजूला बसला आणि कोणाचा धक्का लागू नये म्हणून तिच्यापुढं हात आडवा धरला. तेलीबांध्याच्या तळ्याजवळ ऑटो थांबला तेव्हा तिनं झोळीची गाठ सोडली. झोळी घडी करून तिनं त्याच्या सदऱ्याच्या खिशात घातली.

दवाखान्यात व्यायाम शिकवणारी एक तरुण बाई होती. तिनं गंगाधरला पुढं बोलावलं. एका हातानं ममताबाईंचं पाठीमागचं खांद्याचं हाड दाबून धरायचं, म्हणजे सगळा खांदा उचलला जाणार नाही. दुसऱ्या हातानं कोपर आणि मनगट धरून दंड हळूहळू वर न्यायचा. झटका द्यायचा नाही. जिथं अडेल तिथं थांबायचं, त्यांना श्वास सोडायला सांगायचं आणि मग अगदी थोडा पुढं न्यायचा. दुखणारच, ती म्हणाली. सोसवेल तेवढं दुखलं पाहिजे. गंगाधरनं विचारलं की हे दवाखान्यातच नाही का करता येणार. ती म्हणाली की आठवड्यातून एकदा इथं, रोज घरी. रोजचं तुम्हालाच करावं लागेल.

लोकेशला कळलं तेव्हा तो रागावला आणि काही दिवस आला नाही. पाऱ्यातल्या बायांना वाईट वाटलं. एवढी राखण फुकट गेली. पुनिया दाई मात्र विचारल्यावर म्हणाली, "हव, हाथ तो हाथ ए." बोर्डाची तारीख अजून यायची होती. निवेदिताबाईंनी दावा दाखल केला होता आणि वेळ लागेल असं सांगून ठेवलं होतं.

पहिल्या दिवशी गंगाधरनं भिंतीशी पाट मांडला. ममता बसली. त्यानं तिच्या पाठीवर तळहात टेकवला, दुसऱ्या हातानं तिचं कोपर घेतलं. किती हलका झाला होता हात. दंडाचं मांस उतरलं होतं. ज्या हातानं पाण्याची भरलेली गुंडी विहिरीतून एका दमात वर यायची, तो त्याच्या हातात वाळल्या शेंगेसारखा होता. त्यानं तो उचलला. छातीच्या थोडा खाली हात आला आणि आत काहीतरी अडलं. ममताचा श्वास थांबला. गंगाधरनं हात लगेच खाली आणला.

"काहून सोडला?"

"दुखते तुले."

"दुखणारच म्हणाली ना ते बाई."

त्यानं पुन्हा उचलला. पुन्हा तिथंच अडला. तिनं ओठ दाबले, डोळ्यांत पाणी उभं राहिलं, आणि त्याचा हात आपोआप सैल पडला. या बाईवर त्यानं कधी हात उगारला नव्हता. आता रोज सकाळी तिला मुद्दाम दुखवायचं होतं. तो उठून विहिरीकडं गेला, उगाच पाणी शेंदलं, तोंडावर मारलं. परत आला तेव्हा ती पाटावर तशीच बसली होती.

"इकडं या," ती म्हणाली. "माह्या तोंडाकडं पाहून राहिले तुमी. पाहू नका. भिंतीकडं पाहा."

तो तिच्या मागं बसला. पाठीवर तळहात, कोपराखाली हात. त्यानं भिंतीकडं पाहिलं. गेरूनं सारवलेल्या भिंतीवर ऊन पडलं होतं. त्यानं तिला श्वास सोडायला सांगितलं. तिनं सोडला. हात वर गेला, अडला. तिच्या पाठीचे स्नायू त्याच्या तळहाताखाली ताठ झाले, आणि त्याला कळलं की आता तिचा चेहरा कसा झाला असेल.

"थांबू नका," ममता म्हणाली.

त्यानं भिंतीवरची नजर हलवली नाही. अगदी थोडा, तांदळाच्या दाण्याएवढा, त्यानं हात पुढं नेला. ती कळवळली. त्यानं हात सोडला नाही, तिथंच धरून ठेवला, तिचा पुढचा श्वास येईपर्यंत.